ठसा कुणाच्या हातचा

सरकारने खानदेशाचे पूर्व आणि पश्चिम असे दोन तुकडे केले त्या साली, म्हणजे एकोणीसशे सहात, अभिमन मिस्त्री धुळ्यात जन्मला. कुणावर विश्वास टाकायचा नाही हे तो कुठे शिकला कोण जाणे. दूधवाला उशिरा आला तर हा कुठे रेंगाळला असं त्याला वाटे, आणि वेळेवर आला तर आज एवढी घाई कसली असं वाटे. कुणी वाटेत ‘कसं काय मिस्त्री?’ विचारलं, तर तो आधी मागे वळून बघे आणि मग ‘ठीक’ म्हणे. धुळ्यातल्या गल्ल्यांना नावांऐवजी नंबर आहेत, त्याबद्दलही त्याचं स्वतंत्र मत होतं. पोलिसाला पत्ता विचारत हिंडावं लागू नये म्हणून ही सोय आहे, असं तो म्हणे. तो स्वतः सहाव्या गल्लीत राहायचा आणि त्याला त्याचा फार त्रास होई.

पण माणसाचा हात असा, की बघत राहावं. बाप जातीचा सुतार, मात्र खाटा-पलंग सोडून कापड छापायचे ठसे कोरण्याकडे वळलेला. शिसवीच्या लाकडात वेल, मोर, कुयरी उलटी कोरायची, म्हणजे कापडावर ती सुलटी उमटते. त्या ठशांवर फडक्या छापल्या जात, बायका डोक्यावरून घेतात ती लाल छापील कापडं. बापाने अभिमनच्या हातात कोरणी दिली तेव्हा तो नऊ वर्षांचा होता, आणि चौदाव्या वर्षी बाप त्याचं काम स्वतःचं म्हणून दाखवू लागला होता. फुलांमधली जागा मोकळी राहू नये म्हणून बाप-लेक तिथे जोंधळ्याच्या दाण्यासारखे टिपके कोरत, एक ओळ डावीकडे कललेली, दुसरी उजवीकडे. ते टिपके कोरताना अभिमनला बघावंही लागत नसे.

त्याची बायको लवकर गेली. मूलबाळ नव्हतं. घरात धाकटी बहीण झुंबरबाई, तिचा नवरा मगन आणि त्या दोघांची पोरगी. मगन मूळचा रावेरकडचा. सासऱ्याला हाताखाली माणूस हवा होता म्हणून घरजावई होऊन आला, आणि त्याच्या हातून मोर कोरला की कोंबडा होई. अभिमनने चार वर्षं शिकवून पाहिलं. दाण्यांची एक सरळ ओळ मगनला साधली नाही. शेवटी त्याला छापायला बसवलं. गल्लीतल्या लोकांना एवढं पुरेसं होतं. ‘मेहुण्याच्या ताटात जेवतो आणि मेहुण्याच्याच लाकडावर हात आपटतो’ म्हणून हसत. मगन त्यांच्याबरोबर हसे. झुंबरबाई हसत नसे.

तीस साली मिठाचा सत्याग्रह झाला. छापखान्यांवर पोलिसांची करडी नजर, कुणी वावगं छापलं की जामीन मागायचे आणि कुलूप ठोकायचे. त्या वेळी मदनलाल शेठच्या डोक्यात एक कल्पना आली. मदनलालचं कापडाचं दुकान होतं. अभिमनच्या ठशांच्या फडक्या तोच अमळनेर, रावेरपर्यंत पाठवी. एक दिवस दुकानाचा पडदा ओढून तो म्हणाला, ‘‘मिस्त्री, फडकी छापायला छापखाना लागतो का? मग कागद छापायला कशाला लागावा?’’

अभिमनला पहिली शंका आली ती मदनलालचीच. हा आपल्याला अडकवतोय. आठ दिवस तो दुकानाकडे फिरकला नाही. नवव्या दिवशी मात्र त्याने आपण होऊन एक ठसा नेऊन मदनलालपुढे ठेवला, कारण कल्पना डोक्यातून जाईना आणि हात शिवशिवू लागले होते.

साहेबाची हॅट उलटी ठेवलेली, तिच्यात कोंबडी उबवायला बसलेली, आणि फुटलेल्या अंड्यांतून पगड्या घातलेले रावबहादूर माना बाहेर काढताहेत. मदनलाल इतका हसला की त्याला ठसका लागला.

असे अकरा ठसे अभिमनने दहा वर्षांत कोरले. सर्वांत गाजलं ते फौजदाराचं चित्र. भिंतीला लावून लावून फौजदाराचा कान एवढा वाढलाय, की तो हातगाडीवर घालून एक शिपाई मागून ढकलतोय. भर दुपारी, गल्ली झोपलेली असताना, मगन फडक्या छापायच्या पाटावरच ते कागद छापी. कागद फडक्यांच्या घड्यांत जात, फडक्या गठ्ठ्यांत, आणि गठ्ठे घेऊन मगन स्वतः अमळनेरला, रावेरला जाई. आठवडे बाजारात भिंतींवर ही चित्रं दिसली की लोक पोट धरून हसत. पोलिसांनी आसपासचे सगळे छापखाने उपसले. शाई तपासली, अक्षरांचे खिळे तपासले. फडक्यांच्या पाटाकडे कुणाचं लक्ष गेलं नाही.

एकदाच घोटाळा झाला. छत्तीस साली वाटेतल्या एका ठाण्यावर मगनला गठ्ठ्यासकट अडवलं. कागद सापडला नाही, पण दोन दिवस कोंडून ठेवलं आणि चांगलं बडवलं. तिसऱ्या दिवशी तो घरी आला, ओठ सुजलेला, एक डोळा मिटलेला. झुंबरबाई पाणी घेऊन धावली. आणि अभिमनने काय विचारावं?

‘‘पाव्हनं, दोन दिवसमा सोडी दिधं? काय काय सांगं त्यासले?’’

मगन म्हणाला, ‘‘काहीच नही सांगं भाऊ.’’

अभिमनला ते पटलं नाही. पुढे वर्षभर त्याने एकही ठसा मगनला दाखवला नाही, काम बंद केलंय म्हणून सांगितलं. मगनने एकदाही तक्रार केली नाही, आणि त्यावरूनही अभिमनने वाईटच अर्थ काढला. वर्षभरात कुणी पकडलं गेलं नाही तेव्हा कुठे छपाई पुन्हा सुरू झाली. ‘चुकलो’ हा शब्द मात्र अभिमनच्या तोंडून निघाला नाही. चाळीसच्या उन्हाळ्यात मगन तापाने गेला. त्यानंतर तो शब्द सांगायला माणूसच उरला नाही.

एक्केचाळीसच्या दिवाळीनंतर जळगावहून जीवराम मास्तर आले.

हे शाळेत चित्रकला शिकवणारे गृहस्थ. अंगाने काडी, डोक्याला काळी टोपी, काखेत छत्री आणि खिशात पितळी मुठीचं भिंग. चाळीसगावला गाडी बदलून धुळ्याला उतरले ते थेट मदनलालच्या दुकानात, आणि हातात फडकी घेऊन विचारू लागले, ‘‘हे ठसे कोण कोरतं?’’ मदनलालने आपला माणूस पिटाळला: मिस्त्री, सावध, सीआयडी वाटतोय.

निरोपापाठोपाठ मास्तरच सहाव्या गल्लीत हजर झाले. नंबर होताच. ओट्यावर बसून त्यांनी पिशवीतून एक जाड पुस्तक काढलं. ‘‘हे मी लिहिलंय. मुंबईच्या नव्या चित्रकारांवर. पदरचे पैसे घालून छापलं, जळगावात कुणी वाचलं नाही. तुम्ही बघा.’’

ते गेल्यावर अभिमनने पुस्तक पानन् पान बघितलं. अक्षर लावायला त्याला वेळ लागे, पण जे लागलं त्याने त्याला घाम फुटला. प्रत्येक चित्राखाली ते काढणाऱ्याचं नाव, बापाचं नाव, जन्म कुठला, शिकला कुठे, सध्या राहतो कुठे. कोण कुणाच्या घरी जमतं, कोण कुणाचा दोस्त, सगळं तारीखवार. हे पुस्तक कसलं, हा तर हजेरीपट! मुंबईचे सगळे चित्रकार या माणसाने पकडून दिलेत आणि आता तो खानदेशाकडे वळलाय, अशी अभिमनची खात्री झाली.

मदनलालला त्याने पुस्तक दाखवलं. मदनलालने चार पानं चाळली आणि म्हणाला, ‘‘मिस्त्री, एवढं तर माझ्या सोयरिकीच्या वहीतही लिहिलेलं नसतं.’’

दुसऱ्या दिवशी एक शिपाई गल्लीत शिरला आणि अभिमनच्या दारासमोर थांबला. ‘‘पाणी मिळेल का?’’ म्हणाला. प्यायला आणि गेला. उन्हाचा आलेला, तहानलेला माणूस, पण अभिमनला तसं कसं वाटावं? त्याने दार लावलं, माळ्यावरून अकराही ठसे खाली काढले आणि रंधा हातात घेतला.

दुपारभर तो एकेका ठशावर रंधा चालवत होता. कोंबडी गेली, रावबहादूर गेले, फौजदाराचा कान ढलप्या होऊन खाली पडला. आतून झुंबरबाई येऊन उंबऱ्यावर उभी राहिली. अभिमनच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि हात थांबत नव्हते. शेवटी अकरा कोऱ्या फळ्या राहिल्या. त्यातल्या चारांचे त्याने पाट केले. आपल्या हातचं या जगात आता काहीच उरलं नाही, असं त्याला वाटलं आणि त्याच क्षणी सुटल्यासारखंही वाटलं. दोन्ही खरं होतं.

आठ दिवसांनी मास्तर पुन्हा आले. या खेपेला त्यांनी पिशवीतून काढली ती चित्रं, अकराच्या अकरा, पुठ्ठ्यांवर चिकटवलेली, कोपऱ्यात पेन्सिलने गावाचं नाव आणि साल लिहिलेली. अमळनेरच्या भिंतीवरून सोडवलेली, रावेरच्या एका दुकानदाराकडून मागून आणलेली. एक तर असोद्याच्या शेतकऱ्याने बाजाराला आला असताना काढून घरी नेलेलं. दहा वर्षं हा माणूस ती गोळा करत होता.

‘‘आता गंमत बघा,’’ मास्तर म्हणाले आणि त्यांनी भिंग धरलं. ‘‘फौजदाराच्या मागची ही मोकळी जागा. दाण्यासारखे टिपके, एक ओळ अशी, एक ओळ तशी. आणि ही फडकी. तेच टिपके! एकच हात आहे, मिस्त्री. पोलिसांनी शाई बघितली, कागद बघितला, पण बाजारातल्या बायकांच्या डोक्याकडे बघितलं नाही.’’

अभिमनने भिंगाखाली बघितलं. दाणे! चित्रातली जागा मोकळी सोडायची नाही ही त्याच्या हाताची सवय, ती त्याने फौजदाराच्या मागेही पाळली होती. दहा वर्षं तो दूधवाल्यावर संशय घेत होता, आणि त्याचा स्वतःचा हात बाजारोबाजार त्याची सही करत फिरत होता.

‘‘यांच्यावर पुस्तक लिहितोय,’’ मास्तर म्हणाले. ‘‘आपल्याकडची टवाळीची छापील चित्रं. लोक हसतात आणि फाडून टाकतात, पण ही मोठी कला आहे. मुंबईच्या मोठमोठ्यांना असं साधलेलं नाही. हा हात कुणाचा, एवढं मला कळायला हवं. तुमचा का?’’

मास्तरांचा आवाज हळू झाला होता. डोळे पाणावले होते म्हणा ना. दुसऱ्या कुणाला दिसलं असतं. अभिमनला दिसला तो फक्त उघडलेला पेन.

‘‘माझा नाही,’’ तो म्हणाला. ‘‘मेहुण्याचा. मगन नाव. गेल्या साली वारला. फडक्यांना अजून त्याचेच ठसे वापरतो.’’

मेलेल्या माणसाला कोण पकडणार! तोंडातून निघाल्यावर त्याला स्वतःच्याच हुशारीचं कौतुक वाटलं. मास्तरांनी लिहून घेतलं. बापाचं नाव विचारलं, गाव विचारलं. अभिमनने सगळं सांगितलं. आत चुलीपाशी भांड्यांचा आवाज थांबला होता. झुंबरबाईने ऐकलं असणार. पण ती विषय काढीना आणि अभिमन विचारीना.

मग बेचाळीस आलं. ऑगस्टात धरपकड झाली, मदनलालचा पुतण्याही आत गेला. अभिमन रोज सकाळी अंथरुणाची वळकटी बांधून दाराशी ठेवी, नेतील तेव्हा हाताशी असावी म्हणून. कुणी आलं नाही. महिना गेला, वर्ष गेलं. मास्तर जळगावात पोरांना चित्रकला शिकवत होते आणि संध्याकाळी लिहीत होते, याहून वेगळं काहीही करत नव्हते. हे अभिमनला हळूहळू उमगलं, आणि त्या उमगण्याने तो आणखीच चिडका झाला.

सेहेचाळीसच्या शेवटी पुस्तक आलं. मदनलालने दुकानात दहा माणसं जमवून वाचून दाखवलं. अकराही चित्रं त्यात होती. कोंबडीवर सहा पानं होती, फौजदाराच्या कानावर नऊ. ‘रावेरचे मगन मिस्त्री यांच्या कोरणीत जी निर्भय थट्टा आहे’ असं एक वाक्य होतं. अभिमन खांबाला टेकून ऐकत होता. लाकडाच्या कुठल्या रेघेपाशी आपला हात अडला होता, तेसुद्धा मास्तरांनी नेमकं ओळखलं होतं. उभ्या आयुष्यात त्याला असं कुणी बघितलं नव्हतं. ओरडून सांगावंसं वाटलं, की हा मी, हा माझा हात! पण मदनलाल त्याच्याकडे बघून गालात हसत होता. मदनलालला तर सगळं ठाऊक होतं. आता बोललो तर लोक म्हणणार, काळ बदलल्यावर पुढे आला, मेलेल्या मेहुण्याचं नाव ओरबाडायला. तो घरी आला.

झुंबरबाईने पुस्तक हातात घेतलं. तिला वाचता येत नव्हतं. ‘‘यामा त्यासनं नाव शे?’’ तिने विचारलं.

‘‘शे.’’

तिने ते कुठे आहे ते बोट ठेवून दाखवायला लावलं.

त्यानंतर घरातली हवाच बदलली. गावातल्या एका सभेत तिला बोलावून नारळ देऊन सत्कार केला. ज्या बायका विधवा म्हणून तिला बाजूला ठेवत, त्या ‘मगन मिस्त्रींचं घर’ म्हणून बघायला येऊ लागल्या. घरजावई म्हणून हसणाऱ्यांपैकी एकाने तर सांगितलं, मला आधीपासून माहीत होतं. असोद्याहून पोरीला स्थळ आलं ते याच नावावर. झुंबरबाई दारात उभी राहून बोलू लागली, मान वर करून. अभिमन तिच्याकडे बघे आणि विचार करी, हिला माहीत आहे की नाही? रंधा मारताना ही उंबऱ्यावर उभी होती. मग हिच्या डोळ्यांत एवढा अभिमान खरा कसा दिसतो? की ही आपल्याला दाखवून दाखवून करतेय? तो तिच्या हातचा चहासुद्धा चव घेऊन घेऊन प्यायला लागला, जणू उत्तर त्यातच मिळणार होतं.

स्वातंत्र्य मिळून महिना झाला असेल, मास्तर तिसऱ्यांदा आले. आता केस पिकले होते. ओट्यावर बसले आणि त्यांनी एक कोरी करकरीत फडकी उलगडली. काठाला चरख्यांची रांग होती.

‘‘ही गेल्या आठवड्यात घेतली,’’ ते म्हणाले. ‘‘नवा ठसा आहे, यंदाचा. मगन मिस्त्रींना जाऊन सात वर्षं झाली. आणि बघा, चरख्यांमध्ये तेच दाणे.’’ त्यांनी भिंग काढलं नाही. ‘‘मिस्त्री, तेव्हा तुम्ही भ्यालात. मी तुमच्या जागी असतो तर मीही भ्यालो असतो. आता कुणाची भीती आहे? दुसरी आवृत्ती काढतोय. खरं नाव घालू द्या. हा हात जिवंत आहे, आणि तो माझ्यासमोर बसलाय.’’

या माणसावर आपण एवढा संशय घेतला, आणि जगात आपल्याला ओळखलं ते एकट्या यानेच. अभिमनला ‘हो’ म्हणायचं होतं. एवढंच. त्याने तोंड उघडलंही.

झुंबरबाई चहाचे कप घेऊन बाहेर आली. तिने कप मास्तरांपुढे ठेवला, पदर सारखा केला आणि शांतपणे म्हणाली, ‘‘मास्तर, मना भाऊ त्यासना हाताखालेच शिकना. त्या दाना बठ्ठा त्यासनाच शेतस.’’

ती मास्तरांशी बोलत होती आणि बघत होती अभिमनकडे. त्या नजरेत आता काही लपवलेलं नव्हतं. तिला पहिल्यापासून सगळं माहीत होतं: चार वर्षं कोण कुणाला शिकवत होतं तेही, आणि सुजलेल्या ओठांच्या माणसाला पाणी मिळायच्या आधी काय विचारलं गेलं तेही. अभिमनला आयुष्यात पहिल्यांदा समोरच्या माणसाच्या मनात काय आहे याची तिळमात्र शंका उरली नाही.

बापाने शिकवलेले दाणे होते ते. तेवढेही ती मागत होती.

‘‘खरं का, मिस्त्री?’’ मास्तरांनी विचारलं.

‘‘खरं,’’ अभिमन म्हणाला. ‘‘पाव्हण्यांनीच शिकवलं. माझ्या हातात काही नव्हतं. फार मार खाऊन, फार सोसून शिकवलं त्यांनी.’’

मास्तरांना पटलं की नाही, देव जाणे. त्यांनी वही उघडली. ‘‘निदान तेवढं तरी घालतो,’’ ते म्हणाले. ‘‘मगन मिस्त्रींचे शिष्य म्हणून. तुमचं पूर्ण नाव सांगा.’’

अभिमनने नाव सांगितलं, बापाचं सांगितलं, गल्लीचा नंबरही सांगितला. मास्तरांनी लिहून घेतलं, आणि बरोबर आलंय ना म्हणून त्याने वहीत वाकून एकदा बघितलं.